कार्डाने उघडणारे कुलूप : मालकाने आणि कारागिराने काय सांभाळावे?

कापडाच्या धंद्यात माणसाचे अर्धे आयुष्य गादीवर आणि अर्धे लॉजवर जाते. सुरत, अहमदाबाद, इचलकरंजी, सोलापूर अशा फेऱ्या आम्ही १९९० पासून करीत आहोत. तेव्हा काउंटरवर पितळी बिल्ला लावलेली जड चावी मिळत असे. गिऱ्हाईकाने ती विसरून खिशातून घरी नेऊ नये म्हणून बिल्ला जड. तरीही चाव्या जायच्या. चावी गेली की मालक दुसरी करून घ्यायचा, कुलूप मात्र तेच राहायचे. म्हणजे हरवलेली चावी ज्याच्या हाती लागली असेल त्याच्यासाठी ती खोली कायम उघडीच!

आता साध्या हॉटेलातही प्लास्टिकचे कार्ड हाती पडते. दाराशी धरले की हिरवा दिवा लागतो आणि दार उघडते. या कार्डाबद्दल अलीकडे आम्हाला दोघांनी विचारले. एक आमचे नातेवाईक. रत्नागिरीकडे समुद्राजवळ त्यांचा बावीस खोल्यांचा लॉज आहे. ते म्हणाले, "भाई, सगळ्या दारांना ही कुलपे बसवायची आहेत. एकदा बसवली की झंझट संपली ना?" दुसरा आमच्या बाजाराबाहेर बसणारा चावीवाला. तो म्हणाला, "शेठ, सगळी दारे कार्डाने उघडायला लागली तर आमच्या कानशीला कोण विचारणार?"

नातेवाइकांना वाटते काम संपले. चावीवाल्याला वाटते आपला धंदा संपला. आमच्या मते दोघांचाही अंदाज चुकीचा आहे. तो का, हे वाचकांपुढे मांडावे म्हणून हा लेख. आम्ही इंजिनियर नाही. पण या कुलपापायी एका गरीब मुलावर आलेले संकट आम्ही डोळ्यांनी पाहिले, आणि त्यानंतर या विषयाची बरीच विचारपूस केली.

कार्ड कुठून आले?

१९७४ साली अमेरिकेत न्यूयॉर्कजवळच्या एका मोटेलात कॉनी फ्रान्सिस या प्रसिद्ध गायिकेवर, खोलीत घुसलेल्या माणसाने अत्याचार केला. तिने मोटेलवर दावा लावला आणि १९७६ साली ज्यूरीने तिच्या बाजूने पंचवीस लाख डॉलरचा निकाल दिला. गिऱ्हाईकाच्या दाराचे कुलूप ही मालकाची जबाबदारी आहे, हे त्या निकालाने साऱ्या हॉटेलवाल्यांना कळले.

त्याच सुमारास नॉर्वेमधील टोर सोर्नेस या कुलूप बनवणाऱ्याने कार्डाचे कुलूप तयार केले. त्याला वीज लागत नव्हती. कार्डावर बत्तीस जागा होत्या. कुठे भोक, कुठे नाही. बत्तीस जागांची अशी उलटापालट केली तर चारशे कोटींहून जास्त वेगवेगळी कार्डे होतात. प्रत्येक नव्या गिऱ्हाईकाला नवे कार्ड द्यायचे, जुने आपोआप रद्द. मूळ कल्पना एवढीच आणि ती आजही तशीच आहे. पुढे भोकांच्या जागी काळी चुंबकीय पट्टी आली, मग आत चिप असलेले व नुसते जवळ धरायचे कार्ड आले. आता काही हॉटेलांत मोबाईलनेही दार उघडते.

गोदामाची चिठ्ठी

बहुतेकांचा समज असा की दाराचे कुलूप तारेने काउंटरच्या कॉम्प्युटरला जोडलेले असते. काही मोठ्या हॉटेलांत कुलपे बिनतारी जोडलेली असतात. पण बहुतेक ठिकाणी कुलूप आपल्या जागी एकटेच असते. काउंटरवर काय चालले आहे हे त्याला मुळीच ठाऊक नसते.

आपल्या धंद्यातले उदाहरण घ्या. पेढीवरून गिऱ्हाईकाला चिठ्ठी दिली जाते आणि तो गोदामावर जातो. गोदामवाल्याकडे फोन नाही. तो चिठ्ठीवरची खूण, नंबर आणि तारीख पाहतो. बरोबर असेल तर माल देतो. पुढच्या नंबरची चिठ्ठी आली की मागच्या नंबरची चिठ्ठी तो मानत नाही. कुलूप हा तो गोदामवाला आणि कार्ड ही चिठ्ठी.

यातून दोन गोष्टी निघतात. पहिली अशी की नव्या गिऱ्हाईकाने आपले कार्ड दाराला लावेपर्यंत, किंवा जुन्या कार्डाची मुदत संपेपर्यंत, जुने कार्ड चालू राहते. मुदत संपली हे कुलपाला त्याच्या आतल्या घड्याळावरून कळते. म्हणून ते घड्याळ बरोबर पाहिजे. दुसरी अशी की नोकरांचे मास्टर कार्ड हरवले तर काउंटरवर बटण दाबून भागत नाही. नवे कार्ड बनवून ते प्रत्येक दाराला लावत फिरावे लागते. बावीस दारे असोत की दोनशे, एकही दार सुटता कामा नये. जे सुटेल ते हरवलेल्या कार्डाने उघडत राहील.

कार्डाचे प्रकार साधारण असे. गिऱ्हाईकाचे कार्ड एका खोलीपुरते. सफाईवाल्याचे कार्ड त्याच्या मजल्यापुरते. ते ठराविक वेळेतच चालेल असेही करता येते. मॅनेजरचे मास्टर सगळ्या दारांचे. आणि आतून कडी लावलेली असली तरी दार उघडणारे आणीबाणीचे कार्ड. आत कोणी आजारी पडले, आग लागली तर त्याचा उपयोग. हे शेवटचे कार्ड तिजोरीत पाहिजे. टेबलाच्या खणात असेल तर ते नसल्यातच जमा.

कुलपाच्या आत मोठी जादू नाही. कार्ड वाचणारा भाग, घड्याळ आणि स्मरण असलेली छोटी पाटी, एक लहानशी मोटर, चार पेन्सिल सेल, आणि बाकी जुन्याच पद्धतीचे लोखंडी कुलूप. मोटर दार उघडत नाही. ती फक्त बाहेरची मूठ आतल्या खटक्याला जोडून देते; खटका ओढतो तो माणसाचा हात. आतली मूठ तर सेल संपले तरी फिरतेच आणि एकाच वळणात कडी व खटका दोन्ही सोडते. आगीत माणूस अडकू नये म्हणून ही रचना. विकत घेताना हे हाताने फिरवून पाहावे.

सुरतेचा प्रसंग

२००९ सालची गोष्ट. आम्ही आणि आमच्या बाजारातील एक व्यापारी मित्र लग्नसराईच्या खरेदीला सुरतेला गेलो होतो. हॉटेलचे नाव सांगत नाही. एकाच खोलीत उतरलो होतो. सकाळी नऊला बाहेर पडलो आणि रात्री आठला परत आलो. मित्राने बॅग उघडली तर अठरा हजार रुपयांचे पाकीट नाही.

मॅनेजर आला. त्याने हातात मावणारे एक यंत्र कुलपाला जोडले, मग खाली नेऊन कॉम्प्युटरला लावले आणि कागद छापून आणला. दार कोणत्या कार्डाने किती वाजता उघडले त्याची ती यादी. त्यात मजल्यावरच्या सफाईच्या पोराच्या कार्डाची नोंद होती, ९ वाजून २५ मिनिटे. सफाई अकराला सुरू होते. मग हा नऊ पंचवीसला आत काय करत होता?

पोरगा अठरा-एकोणीस वर्षांचा असेल. तो एकच वाक्य पुन्हा पुन्हा म्हणत होता, "साहेब, मी बारा वाजता आलो, चादर बदलली नि गेलो." मॅनेजर म्हणाला, "तू खोटे बोलशील, मशीन खोटे बोलत नाही." त्याच रात्री त्याला काढून टाकले. आम्ही तिथे उभे होतो. कागद आमच्याही हातात होता. आम्हीही काही बोललो नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी मित्राने नमुन्याचे ताके बांधायला घेतले आणि एका ताक्याच्या घडीतून पाकीट खाली पडले. त्यानेच आदल्या दिवशी सांभाळून ठेवले आणि विसरला. मग आम्ही तो कागद पुन्हा पाहिला. यादीतली शेवटची नोंद आमच्याच कार्डाची होती, संध्याकाळी ५ वाजून २५ मिनिटे. पण त्या वेळी आम्ही मार्केटात होतो! खोलीवर आलो ते आठला. कुलपाचे घड्याळ दोन तास पस्तीस मिनिटे मागे होते. नऊ पंचवीसमध्ये तेवढे मिळवा, बरोबर बारा होतात. पोरगा खरे बोलत होता.

मॅनेजरने मेकॅनिकला बोलावले. त्याने सांगितले की काही दिवसांपूर्वी या दाराचे सेल बदलले, पण जुने सेल काढल्यावर नवे यायला उशीर झाला. तेवढा वेळ घड्याळ बंद राहिले. नवे सेल टाकले तेव्हा वेळ लावायची राहून गेली. दार उघडत होते म्हणून कोणी पाहिले नाही.

मॅनेजरने पोराला निरोप धाडला. आम्हीही त्याच्या राहण्याच्या जागी गेलो, माफी मागितली. तो कामावर परत आला नाही. म्हणाला, "तिथे सगळ्यांनी माझी झडती बघितली." त्याचे म्हणणे बरोबर होते. खोटी नोंद यंत्राची होती, पण ती न वाचता मान हलवणारे आम्ही होतो. कागदावर चार ओळी होत्या आणि आम्ही सर्वांनी त्यातली फक्त त्याची ओळ वाचली.

म्हणून आमचे पहिले सांगणे हे. यादी काढली की आधी कुलपाचे घड्याळ आपल्या घड्याळाशी जुळवून पाहा, मग नोकराकडे बोट दाखवा. दुसरे, यादी कार्डाचे नाव सांगते, माणसाचे नाही. एकाचे कार्ड दुसऱ्याच्या हाती असू शकते. कार्ड कोणी कधी घेतले आणि कधी परत केले याचे रजिस्टर, सहीसकट, काउंटरवर नसेल तर त्या यादीला अर्थ नाही.

देखभालीचे काम

बहुतेक बिघाड अशा साध्या गोष्टींतून होतात की कोणीही सांभाळू शकेल.

सेल : चांगले अल्कलाईन सेल वापरा. चारही एकाच वेळी, एकाच जातीचे बदला. दोन नवे दोन जुने घातले तर जुने नव्यांनाही खातात. सेल उतरले की कुलपाचा दिवा वेगळ्या तऱ्हेने लुकलुकतो. ती खूण पुस्तिकेत दिलेली असते. सफाईवाल्यालाही ती शिकवा, कारण रोज प्रत्येक दार तोच उघडतो. खुणेची वाट न बघता ठरलेल्या मुदतीत सगळ्या दारांचे सेल बदलले तर आणखी चांगले. बदलताना दार उघडे ठेवावे, नवे सेल आधी हातात घ्यावेत आणि नंतर वेळ तपासावी. सेल पूर्ण मेले तर बहुतेक कुलपांना बाहेरून वीज देण्याची किंवा लपवलेल्या साध्या चावीची सोय असते. ती कशी वापरायची हे रात्रपाळीच्या माणसाला माहीत पाहिजे.

दार : आम्हाला एका जुन्या मेकॅनिकने सांगितले की कुलपाची तक्रार आली की तो आधी बिजागरी बघतो. दार खाली बसले की खटका चौकटीवरच्या पट्टीत नीट जात नाही. मग मोटरवर ताण येतो, सेल लवकर संपतात, किंवा दार लागल्यासारखे दिसते पण लागलेले नसते. दार अर्धे उघडून सोडून द्या. आपोआप येऊन खटका बसला पाहिजे. बसत नसेल तर डोअर क्लोजर आणि बिजागरी बघा. हे दर महिन्याला प्रत्येक दाराला करावे.

कार्ड : काळ्या पट्टीच्या कार्डावरची नोंद चुंबकाने पुसते. पर्सचे चुंबकी बटण, मोबाईल यांच्याजवळ ठेवले की गिऱ्हाईक पुन्हा काउंटरवर हजर. चिपच्या कार्डाला चुंबकाचा त्रास नाही. पट्टीचे कुलूप असेल तर त्याच्या फटीत धूळ साचते. सफाईचे खास कार्ड मिळते, ते फिरवावे. खोलीत दिव्यासाठी जो कार्डाचा खाचा असतो, त्यापैकी पुष्कळ खाचे कोणत्याही कार्डाने चालतात. त्याचा कुलपाशी संबंध नाही.

तेल : कार्ड वाचणाऱ्या भागात तेल कधीही सोडू नका. तेलाला धूळ चिकटते आणि पाटी खराब होते. लोखंडी खटक्याला कोरडी ग्रॅफाइट पावडर पुरते.

खारी हवा : रत्नागिरीच्या नातेवाइकांना आम्ही हे मुद्दाम सांगितले. कोकणपट्टीत मीठ आणि दमट हवा लोखंड खाते, सेलच्या स्प्रिंगांना हिरवा गंज चढतो. समुद्राजवळच्या लॉजला स्टेनलेस स्टीलची कुलपे घ्यावीत आणि पावसाळ्यापूर्वी व नंतर सेलचे घर उघडून पाहावे.

वीज गेली तर : कुलपे सेलवर चालतात, त्यामुळे लोडशेडिंगचा दारांना त्रास नाही. पण कार्ड बनवणारे यंत्र आणि कॉम्प्युटर बंद पडतात. तिथे बॅटरी बॅकअप पाहिजे आणि तयार केलेली काही राखीव कार्डे तिजोरीत पाहिजेत.

चोरही शिकतो

कार्डाचे कुलूप मोडता येत नाही असे सांगणाऱ्या विक्रेत्याचे ऐकू नका. २०१२ साली अमेरिकेत लास व्हेगास येथे कोडी ब्रोशियस या तरुणाने जाहीर सभेत दाखवले की ओनिटी कंपनीच्या कुलपाखाली यंत्र जोडण्याचे जे भोक असते, त्यात पन्नास डॉलरच्या आतले घरगुती यंत्र लावून दार उघडता येते. कंपनीने भोक बंद करण्याचे बूच आणि नव्या पाट्या काढल्या. त्याच वर्षी ह्यूस्टन शहरातील एका हॉटेलात याच युक्तीने खोल्या उघडून चोऱ्या झाल्या.

२०१८ साली फिनलंडच्या एफ-सिक्युअर कंपनीच्या दोन तज्ज्ञांनी दाखवले की व्हिंगकार्डच्या एका जुन्या पद्धतीत साध्या, अगदी मुदत संपलेल्या कार्डावरूनही मास्टर बनवता येतो. त्यांच्या शोधाची सुरुवात झाली २००३ साली. बर्लिनच्या हॉटेलातून त्यांच्या सोबत्याचा लॅपटॉप गेला होता आणि दार उघडल्याची काहीच खूण नव्हती. २०२४ च्या मार्चमध्ये साफलोक नावाच्या कुलपांतील दोष जाहीर झाला. १३१ देशांतील तेरा हजार ठिकाणच्या तीस लाखांवर दारांना तो लागू होता. कंपनीला तो २०२२ साली कळवला होता, तरी जाहीर होईपर्यंत शंभरात छत्तीसच कुलपांची दुरुस्ती झाली होती. कारण उघड आहे, दुरुस्ती दारोदार जाऊन करावी लागते.

ऑस्ट्रियातील एका डोंगरी हॉटेलचा प्रकार निराळा. चोरांनी इंटरनेटवरून त्याचे कॉम्प्युटर बंद पाडले आणि नवी कार्डे बनवणेच थांबले. हॉटेलने सुमारे दीड हजार युरो खंडणी भरली. कोणी खोलीत अडकले नाही, कारण आतली मूठ फिरत होती. पण मालकाने नंतर सांगितले की आता साध्या चावीकडे परत जाण्याचा विचार आहे.

घाबरून जाण्याचे कारण नाही. पण विकत घेताना विक्रेत्याला चार प्रश्न विचारा. कार्ड कोणत्या जातीचे आहे? मायफेअर क्लासिक नावाच्या चिपचे रहस्य २००८ सालीच फुटले आहे. स्वस्त म्हणून तीच गळ्यात मारतात का ते पाहा. दोष निघाला तर दुरुस्ती कोण करणार आणि खर्च कोणाचा? सुटे भाग किती वर्षे मिळतील? आणि कार्ड बनवणारा कॉम्प्युटर इंटरनेटपासून वेगळा ठेवता येईल का? उत्तरे बिलावर लिहून घ्या. तोंडी आश्वासनाचा भाव आपल्या बाजारात काय आहे, हे वाचकांना सांगायला नको.

चावीवाल्याला उत्तर

आता कानशीचा प्रश्न. अलीगढची कुलपे देशभर गेली ती कारागिरांच्या हातांवर आणि त्यांत आपल्या समाजाच्या कारागिरांचा वाटा मोठा आहे. त्या हाताला आता काम नाही असे समजणे बरोबर नाही. वर दिलेली यादी पुन्हा पाहा. बिजागरी, चौकट, खटका, पट्टी, गंज, सेलची स्प्रिंग. यातले एकही काम कॉम्प्युटरवाला करत नाही. कंपनीचा माणूस मोठ्या शहरातून येतो, येण्याचे पैसे वेगळे घेतो आणि पुष्कळदा फक्त दार सरळ करून जातो. छोट्या गावच्या लॉजवाल्याला जवळचा, भरवशाचा माणूस पाहिजे आहे.

आमच्या बाजाराबाहेरच्या चावीवाल्याला आम्ही सांगितले, एक जुने बंद पडलेले कुलूप भंगारातून घे, खोलून पुन्हा जोड. लोखंडाचा भाग तुला उस्तादाकडूनच येतो. सेल, दिव्याच्या खुणा, वेळ लावणे एवढे नवीन आहे आणि ते कठीण नाही. मग पाच लॉज ठरव, दर महिन्याची फेरी आणि ठराविक मजुरी. फक्त एक गोष्ट सांभाळ. मास्टर कार्ड कधी आपल्या खिशात ठेवू नकोस. मालकाच्या सहीने घे, काम झाले की सहीने परत दे. चावीवाल्याचा धंदा आजपर्यंत विश्वासावर चालला, पुढेही त्यावरच चालेल.

रत्नागिरीच्या नातेवाइकांनी बावीस कुलपांची ऑर्डर दिली आहे. सोबत दोन रजिस्टरे घेतली, एक कार्डांचे आणि एक सेल व घड्याळांचे. त्यांना आम्ही म्हणालो, कुलपांचे पैसे एकदा जातील, रजिस्टर मात्र रोज लिहावे लागेल. गिऱ्हाईकाचा माल आपल्या छताखाली अमानत असतो. आणि त्या मजल्यावर झाडू मारणाऱ्या पोराची अब्रू, तीही आपल्याकडे अमानतच असते.